सव्वादोन तास, मध्यंतर नाही

नाही, तुम्हीच सांगा. माणूस डोळे टक्क उघडे ठेवून, पाठ ताठ करून, पायात एक नंबर लहान बूट घालून थिएटरात बसलाय, आणि शेजारून बायको कोपर मारून म्हणते, ‘उठा!’ उठा काय उठा? मी झोपलो नव्हतो! तीस वर्षांत पहिल्यांदा मी झोपलो नव्हतो, आणि नेमकं त्याच दिवशी... थांबा, पहिल्यापासून सांगतो, नाहीतर तुम्हालाही वाटेल हा सारवासारव करतोय.

माझी बेकरी आहे. पहाटे साडेतीनला उठायचं, चारला भट्टी पेटवायची. आता असल्या माणसाला संध्याकाळी मऊ खुर्चीत बसवलं, दिवे घालवले, वरून गार हवा सोडली, तर तो काय करणार? सिनेमा सुरू झाला की विसाव्या मिनिटाला माझा डोळा लागतो. घरी असो, थिएटरात असो, वीस मिनिटं म्हणजे वीस मिनिटं, वाटल्यास घड्याळ लावून घ्या. त्यामुळे मी सगळ्या सिनेमांची फक्त पहिली वीस मिनिटं पाहिलीत, आणि तुम्हाला सांगतो, पहिल्या वीस मिनिटांत सगळे सुखी असतात हो! कोणी बागेत फिरतंय, कोणाचं लग्न ठरतंय, बाप पोराच्या डोक्यावरून हात फिरवतोय. माझी अशी ठाम समजूत की सिनेमा हा एकूण आनंदी प्रकार आहे. बाहेर पडताना बायका डोळे का पुसतात ते मला कळायचंच नाही. मला वाटायचं, गार हवेनं होत असेल.

आणि मतं मात्र द्यावी लागतात! दुकानात गिऱ्हाईक येतं, तो अमका सिनेमा पाहिलात का, कसा आहे म्हणून विचारतं. मी पाव बांधता बांधता सांगतो, ‘मधे जरा ढिला पडतो, पण एकदा बघायला हरकत नाही.’ चालतं! कुठल्याही सिनेमाला चालतं. फक्त एकदा फसलो. मागच्या महिन्यात घरी एक पाहिला, समोरच्या शिंप्याला म्हटलं, छान कौटुंबिक आहे, सासूबाईंना घेऊन बघा. मी जागा होतो तोवर एकही खून झाला नव्हता हो! पुढे सात झाले म्हणे, आणि सगळे सासवांचे. शिंपी आता पलीकडच्या बेकरीत जातो.

असो. मुद्द्यावर येतो. माझी मुलगी सिनेमात आवाज लावते. मला आधी समजेचना. म्हटलं, अगं, माणसं बोलली की आवाज येतोच, तो लावायचा काय? तर म्हणाली, बाबा, दार वाजतं, पाऊल वाजतं, कपात चमचा फिरतो, ते सगळं आम्ही वेगळं घेऊन मागून घालतो. शिकत असताना तिनं अठरा मिनिटांची एक फिल्म केली होती, आणि आम्हाला बघायला बोलावलं होतं. अठरा! वीसच्या आतला मामला! मी निर्धास्त गेलो. तर आधी कोणीतरी भाषण केलं. ते मी हिशेबात धरलंच नव्हतं. माझी वीस मिनिटं भाषणातच संपली, आणि पोरीची फिल्म लागली तेव्हा मी घोरत होतो. चांगला मोठ्यांदा घोरत होतो म्हणे. घरी येताना मी म्हणत राहिलो, मी झोपलो नव्हतो, नुसते डोळे मिटले होते.  पण त्या दिवसापासून तिनं मला एकदाही विचारलं नाही, की बाबा, कसं वाटलं? चार वर्षं झाली. आईला विचारते. मामाला विचारते. मला विचारते, कणीक किती मळलीस, पाय दुखतो का. काय सांगू, आत कुठेतरी लागतं हो ते.

आणि मागच्या आठवड्यात तिचा फोन. तिचा पहिला मोठा सिनेमा, शनिवारी संध्याकाळी सहाला थिएटरात पहिला खेळ, नटबिट सगळे येणार. फोन आईला! म्हणाली, ‘आई, तू आणि मामा या. बाबाला उगाच त्रास नको, त्याला पहाटे उठायचं असतं.’ चिडून म्हणाली असती तर परवडलं असतं. मायेनं म्हणाली. मी फोन हिसकावून घेतला आणि म्हटलं, मी येणार, आणि शेवटपर्यंत जागा राहणार. पलीकडून पोरगी म्हणाली, ‘बरं, तीन जागा ठेवते.’ इकडे ही हसतेय.

शनिवारी दुपारी म्हटलं, आधीच झोप काढून ठेवू. पलंगावर आडवा झालो, एक तास झाला, दीड तास झाला, झोप नाही! कशी येणार? समोर सिनेमा नव्हता ना! शेवटी टीव्हीवर एक लावला, तर तो नेमका संपत आलेला, त्यात पाठलाग चालू, आणि मी पहिल्यांदा एका सिनेमाचा शेवट डोळे फाडून बघत बसलो. झोप गेली ती गेलीच. मग मेहुण्याचे बूट मागून घेतले. त्याचा पाय माझ्याहून एक नंबर लहान. तो म्हणाला, ‘दाजी, चावतील.’ म्हटलं, चावू देत, त्याचसाठी घेतोय. आणि सगळी भिस्त कशावर? मध्यंतरावर! मध्यंतराला उठायचं, तोंडावर पाणी मारायचं, कडक चहा घ्यायचा, की पुढचा तास निभावला.

थिएटरात पोहोचलो. मुलगी मागे, तिच्या आवाजवाल्या लोकांत बसलेली. तिनं लांबूनच हात केला. आम्ही मधल्या रांगेत. दारावरच्या माणसाला सहज विचारलं, मध्यंतर किती वाजता हो? तो म्हणाला, ‘सव्वादोन तास, मध्यंतर नाही.’

 दिवे गेले.

आणि सिनेमा काय, तर एक म्हातारा आणि एक नळ! बाग नाही, लग्न नाही, कोणी सुखीबिखी नाही. म्हातारा खुर्चीत बसलाय, नळ गळतोय. टप... टप... खाली बादली. टप... अहो, हे काय बघायचं? आमच्या घरी गळतो तो बघायला मी कधी तिकीट लावलंय? अठरावं मिनिट... एकोणिसावं... मी बूट आवळले. विसाव्या मिनिटाला पापण्या शटरसारख्या खाली यायला लागल्या. मी जीभ चावली. मांडीला चिमटा काढला. अंधारात अंदाज चुकला, तो मेहुण्याच्या मांडीला बसला, तो कळवळला, मागचे ‘शूऽऽ’ म्हणाले. मनात म्हटलं, गड्या, आज झोपलास तर पोरगी पुढची चार वर्षं तुला विचारणार नाही. मग एकच केलं. म्हटलं, बघणं जमत नाही ना, मग ऐकू. प्रत्येक आवाज मोजायचा. पाऊल. बिजागरी. चमचा. टप. टप. कान असे ताणले की सांगता सोय नाही. अर्धा तास गेला. तास गेला. घाम फुटला, पण मी झोपलो नव्हतो!

आणि मग तो प्रसंग. म्हाताऱ्याची मुलगी घर सोडून निघालीय. हातात बॅग. बाप खुर्चीत झोपलेला. ती दारात उभी. थिएटरात कोणी हलतसुद्धा नाही. शेजारची बाई रुमाल काढून बसलेली. आणि त्या शांततेत सुरू झालं, घुर्रर्र... घुर्रर्र... आणि शेवटी एक बारीकशी शिट्टी.

बसलं कोपर! ‘अहो, उठा!’ दुसऱ्या बाजूनं मेहुणा, ‘दाजी, दाजी!’ समोरचा गृहस्थ वळून बघतो. मी जागा! डोळे उघडे! तोंड बंद! आणि घोरणं चालूच! मला क्षणभर वाटलं, मी झोपलोय आणि जागा असल्याचं स्वप्न पडतंय. मी उभाच राहिलो आणि सगळ्या थिएटरला ऐकू जाईल असा बोललो, ‘मी झोपलो नव्हतो!’

पडद्यावरची मुलगी रडत होती. पहिल्या रांगेतून दाढीवाला दिग्दर्शक उठून माझ्याकडे बघायला लागला. मी मटकन खाली बसलो. आणि ही, अठ्ठावीस वर्षं माझ्या शेजारी झोपणारी बाई, माझ्या दंडाला धरून कुजबुजली, ‘अहो, हे तुमचंच आहे.’ चारी भिंतींमधून येत होतं. माझं घोरणं! शिट्टीसकट! माझे कान तापले. म्हटलं, सूड घेतला पोरीनं. अठरा मिनिटांचा सूड, चारशे माणसांसमोर. त्या रागानं पुढची झोपच उडाली. उरलेला पाऊण तास मी टक्क जागा, दात आवळून. सिनेमा संपला. नावं वर सरकायला लागली. म्हटलं, जिंकलो बुवा. बुटाच्या नाड्या सोडल्या, पाय मोकळे केले, एक मोठा श्वास घेतला...

‘बाबा.’

डोळे उघडले. दिवे लागलेले. अर्धं थिएटर रिकामं. मुलगी समोर उभी. मी म्हटलं, ‘अगं, मी झोपलो नव्हतो.’ कोण विश्वास ठेवणार? हीसुद्धा दुसरीकडे बघायला लागली. पोरगी म्हणाली, ‘असू दे, बाबा. चल, गाडीपर्यंत सोडते.’ तुम्हाला सांगतो, त्या ‘असू दे’नं माझा जीव तुटला.

बाहेर जिन्याशी दिग्दर्शक, चारदोन मोठी माणसं, सगळे तिचं कौतुक करतायत. आणि माझा तोल सुटला. मी म्हटलं, ‘नळ फार गळतो.’ सगळे वळले. म्हटलं, ‘पहिल्यांदा गळतो ते ठीक. पण म्हातारा दवाखान्यातून परत येतो तेव्हा बादली काठोकाठ भरलेली आहे, आणि आवाज रिकाम्या बादलीचा येतो. भरलेल्या बादलीत थेंब असा वाजत नाही. मी तीस वर्षं पावाच्या बुडाला टिचकी मारून सांगतोय, आत भाजलाय की कच्चा आहे. पोकळ काय आणि भरलेलं काय, ते मला कळतं.’

मेहुण्यानं डोळे मिटून घेतले. दिग्दर्शक मुलीकडे बघतोय. मुलगी माझ्याकडे. मला वाटलं, संपलं. पोरीच्या पहिल्याच दिवशी चार लोकांत तिची चूक काढली. हे बोलण्यापेक्षा झोपलो असतो तर बरं झालं असतं.

ती हळू आवाजात म्हणाली, ‘एक वर्ष आम्ही पाच जण हे ऐकतोय, बाबा. कोणाच्या लक्षात आलं नाही.’ मग माझी बाही धरली. ‘तू जागा होतास.’

म्हटलं, तेच तर मघापासून सांगतोय! आणि तू माझं घोरणं का लावलंस, तेही सांग आता. तर पोरगी खाली बघून म्हणाली, ‘घर सोडून नोकरीला गेले ना, त्याच्या आदल्या दुपारी फोनवर घेतलं होतं. तिकडे खोलीवर झोप यायची नाही. ते लावलं की यायची.’

 मी बूट काढून हातात घेतले. उगाच काहीतरी करायला हवं होतं. ती नाक पुसत म्हणाली, ‘सांग ना, बाबा. कसं वाटलं तुला?’ चार वर्षांनी विचारलं हो! मी म्हटलं, नळ सोडला तर मला रडू आलं. खरंच आलं होतं. बुटांमुळे नाही.

‘आणि शेवटी तुझं नाव आलं, ते पाहिलंस ना? मी भांडून घालायला लावलं.’

खोटं बोलायचं अगदी ओठावर आलं होतं. तिच्या तोंडाकडे बघितलं आणि म्हटलं, ‘नाही गं. तेवढ्यात डोळा लागला.’

हसली. इतकी हसली की दिग्दर्शकही हसला. आणि म्हणाली, काही हरकत नाही, रविवारची तीन तिकिटं काढते. आता मी काय सांगतो, ऐका. तोच म्हातारा. तोच नळ. तेच बूट, मेहुणा पुन्हा द्यायला तयार आहे. मध्यंतर नाही. आणि माझं नाव म्हणे शेवटून तिसरं आहे.