लॉर्डसाहेब, जरा बसा!

...बसायचं! नुसतं बसायचं होतं हो मला, आणि तेवढंही... तुम्ही म्हणाल, हा मॉरिस पेनफोल्ड चाळीस वर्षं टीव्हीवर दिसतोय आणि ह्याला बसता येत नाही? नाही येत! कसं येणार? चाळीस वर्षांत कुणी बसवलंय मला? प्रत्येक मालिकेत बटलर! दार उघड, कोट घे, "जेवण मांडलंय, मालक" म्हण आणि उभा राहा. मालक मरतात, मालकीणबाई पळून जातात, महायुद्ध सुरू होतं, संपतं, मी आपला ट्रे धरून भिंतीपाशी! तुम्हाला सांगतो, बसणं सोपं नसतं!

आणि यंदा माझी एजंट नोरीन फोनवर किंचाळली, "मॉरिस, लॉर्ड! सहाच्या सहा भागांत लॉर्ड!"

फोन ठेवला आणि आधी बसून घेतलं. सराव म्हणून.

शूटिंगला नॉरफोकातली हवेली, हाडं गोठवणारी थंडी, पहिलंच दृश्य जेवणाचं. टेबलाच्या टोकाला मी! हुजऱ्याच्या कामात आमचा डडली, माझ्याच वयाचा. तो सूपचं भांडं घेऊन आला आणि मी... उठलो! उठून दार धरलं त्याच्यासाठी!

"कट!" दिग्दर्शिका इमोजेन. "अहो मॉरिस, लॉर्ड आहात तुम्ही! लॉर्डला दार कुठं आहे हेसुद्धा माहीत नसतं!"

"चुकलो, बाईसाहेब."

"आणि मला बाईसाहेब म्हणू नका!"

पुन्हा घेतलं. खुर्ची घट्ट धरून बसलो, तर टेबलावर ग्रेव्हीचा थेंब पडला. पडू दे ना! पण हात ऐकेल तर शपथ, पुसून मोकळा! तिसऱ्यांदा डडली वाइन ओतायला आला, तोही डावीकडून. डावीकडून! मी दातांतून म्हटलं, "उजवीकडून रे, गाढवा!"

"मग सरकारांनीच ओतावी की!"

ओतली. सगळ्यांना. एक थेंब न सांडता. सांगतोय काय मघापासून, बसणं सोपं नसतं!

इमोजेननं कपाळाला हात लावला. लेखकांना बोलावलं, कोपऱ्यात चहा पीत कुजबुज सुरू. मी मनात म्हटलं, गेलं लॉर्डपद! तेवढ्यात ती आली, डोळ्यांत पाणी. "मॉरिस, काय खोल अभिनय! हा लॉर्ड खरा नाहीच! बटलरनं लॉर्डला मारून त्याची जागा घेतलीय... हेच सुचवत होता ना तुम्ही?"

मी मान डोलावली. "हो" म्हटलं!

झालं. दुसऱ्या भागाच्या शेवटी मला बेड्या. आणि खरा वारस कोण निघाला? हुजऱ्या! उरलेले चार भाग माझ्या खुर्चीत डडली! आणि काय बसला हो मेला... जन्मजात!

वर्तमानपत्रांनी मात्र मला डोक्यावर घेतलं. परवा नोरीनचा फोन. "मॉरिस, पाच कामं आलीत!"

मी विचारलं, "बटलर?"

"छे रे! चार लॉर्ड!"

"खरे?"

"...शेवटी बटलर निघतात. पण पाचव्यात तू चक्क राजा आहेस, राजा!"

"आणि शेवटी?"

नोरीननं घसा खाकरला. मग म्हणाली, "आचारी."

आचारी! अहो, हवेलीत आचारी बटलरच्या हाताखाली असतो! चाळीस वर्षं घासून मी एक पायरी खाली आलो!

घेतलं काम. निदान राजा असेपर्यंत बसायला तरी मिळेल... जमलं तर!