शर्ट कुणी शिवले?

माननीय अध्यक्ष, म्हणजे आपले धाकटे मालक, मंचावरचे पाहुणे, आणि भाषण कधी संपतंय याची वाट बघत बसलेल्या शिलाई खात्यातल्या माझ्या बायांनो आणि बाप्यांनो,

आज माझ्या नणंदबाई निवृत्त होताहेत. नणंदेविषयी चांगलं बोल म्हणून मला उभं केलंय. आता बोला! माझा नवरा गेला तेव्हा यांनीच मला हाताला धरून या कारखान्यात आणलं, आणि पहिल्याच दिवशी माझी शिवण चारदा उसवायला लावली. एवढी माया कुणी करतं का?

आपल्याकडे अख्खा शर्ट कुणी एकटा शिवत नाही. कुणी बाही लावतो, कुणी खिसा, कुणी काजं करतो. गेल्या महिन्यात एक ताई आल्या होत्या. त्या लहान असताना त्यांच्या घरच्यांसकट पलीकडच्या गल्लीतली सगळी माणसं सरकारी गाड्यांत कोंबून नेली, ती परत आलीच नाहीत. नेणाऱ्यांच्या अंगावर एकसारखे कोरे सरकारी शर्ट होते. ताईंनी एवढंच विचारलं, "ते इथंच शिवले ना?"

झालं! जुनी मंडळी लागली बोलायला. "मी फक्त बाही." "मी आपली बटणं." इस्त्रीवाले काका तर म्हणाले, "माझ्याकडे आला तेव्हा तयारच होता!" मग काय, शर्ट झाडाला लागले होते?

नणंदबाई तेवढ्या म्हणाल्या, "कॉलर माझी. म्हणजे शर्टही माझा."

धाकटे मालक म्हणाले, "मी तर तेव्हा जन्मलोही नव्हतो." खरंय, मालक. मीही तेव्हा इथं नव्हते. पण ही शेड त्याच शर्टांवर उभी राहिली, आणि माझी चूल या शेडवर पेटली. वाडवडिलांचं घर घेताना हात पुढे, आणि त्यांचं पाप आलं की हात पाठीमागे? असं कसं चालेल?

ताईंना फाटकावर पाटी हवीय. मालक म्हणतात, बघू. नणंदबाई म्हणतात, मला भेटवस्तू नको, मी फाटकाबाहेर पडायच्या आत पाटी लावा. म्हणून वर्गणीतून आम्ही पाटीच करून घेतली. "ते शर्ट आम्ही शिवले," एवढंच आहे तिच्यावर. आम्ही म्हणजे मीसुद्धा, मालकसुद्धा. पाटी तुमच्याच खुर्चीमागे टेकवून ठेवलीय, मालक. जरा उठता का?

ऐकून घेतलंत, उपकार झाले. बोलण्यात काही कमीजास्त झालं असेल तर मला पदरात घ्या. पाटीवरच्या गोष्टीला मात्र आपणच आपल्याला माफ करून मोकळं व्हायचं नाही. ताई पहिल्या रांगेत बसल्यात. त्यांना विचारायचं.