दोन वाझोंचं वर्ष

हॅलो?… कोण, थुन? बोल… ताईच बोलतेय. आईचा फोन आता दुसरं कोण उचलणार?

काय?… थांबायचं? एक दिवस थांबायचं होतं?… अरे, आई गेली ती नयोनच्या अमावास्येला! महिन्याच्या शेवटच्या दिवशी गेलेल्या माणसाला पुढचा महिना लागेपर्यंत घरात ठेवतात का? आपल्या मोलम्याइं गावात कुणी ठेवलंय आजवर? अंधार पडायच्या आत न्यावंच लागलं… हो, मान्य, तोंड नाही दिसलं तुला. पण चंद्राला काय मी दोरी बांधू?

बरं, ते जाऊ दे. आईच्या सातव्या दिवसाला येतोयस ना?… काय?… परत बोल… लग्न? त्याच दिवशी?

ओरडू नको तर काय करू! इथे भिक्खूंना जेवण, आईला निरोप… आणि तिकडे थायलंडात तू नवरदेव! शनिवारी जन्मलास, रास नागाची; नाग तो नागच…

कोण? नवरीची, फ्यूफ्यूची मावशी? काय म्हणते ती?… वाझो महिन्याची पौर्णिमा आली?… हो, भिक्खूंचा वर्षावास लागला की तीन महिने लग्नं बंद, मला शिकवतोस?… अरे गाढवा, यंदा वाझो दोन आहेत! दोन! अधिक महिना! हा पहिलाच चाललाय. वर्षावास दुसऱ्या पौर्णिमेला… तिकडे कारखान्यात कोळंबी सोलता सोलता तिथीसुद्धा विसरलात सगळे?

नाही, मनाचं नाही सांगत. समोर कॅलेंडर आहे. आईनंच टांगलेलं… केवढी खूश होती माहितीये? ‘यंदा एक महिना फुकटचा मिळालाय, थुनचं लग्न बघूनच जाते,’ म्हणायची… हो. अगदी त्या सकाळीसुद्धा.

हॅलो?… रडू नकोस. रडायचं तर इथे येऊन रड.

आचाऱ्याला सांगून ठेवलंय? मग ‘पुढच्या महिन्यात’ म्हण त्याला!… मावशी रागावेल? रागावू दे. मी काय इथे हसतेय?

ऐक… ऐक ना. सातव्यापर्यंत आई घरातच आहे. रोज तिच्या मडक्यात ताजं पाणी भरते. दार लावत नाही. भिक्खूंनी ‘जा’ म्हटलं की ती निघाली. मग तू चार पौर्णिमांनी ये नाहीतर चाळीस…

‘बघतो’? मला नको सांगूस ‘बघतो’. तिलाच सांग. थांब, मडक्यापाशी धरते फोन… हं, बोल. मी ऐकत नाहीये…

झालं बोलून?… थुन?… हॅलो? हॅलो?

कटला.

आई… काय म्हणाला गं तो?