हेकरू सोडवणारी नात

धायरीच्या बसमध्ये माझ्या पुढच्या बाकावर दोघी शेजारणी बोलत होत्या.

“बायडाबाई, नातीला बघायला आले होते ना?”

“आले होते. काय करते इचारलं. म्हणलं, मालवणला समुद्रात बुडी मारून हेकरू मोजते.”

“मासे मोजायचे कशाला?”

“राखायला. माणसाएवढा मासा हाय. आधी समद्या माद्याच असत्यात, थोराड झाल्यावर एखादीचा नर व्हतो. मोठाले मारले तर पुढं पिल्लं कुठनं? जाळ्यात घावला की कोळ्यांना समजावून सोडाया लावते.”

“ऐकतात?”

“आमच्या तेजस्विनीचं ऐकत्यात.”

“मग पाहुणे काय म्हणाले?”

“लग्नानंतर बुडी बंद.”

“आणि तुम्ही?”

“त्यांनाबी सोडलं. पोहे खाऊ घालून, पार फाट्यापर्यंत.”