खासदारसाहेबांची सही

आता हसू येतं, पण त्या दिवशी हसण्यासारखं काही नव्हतं. आमच्या दिवाळे गावात मासळी सुकवायची जागा वाचवायला ज्या वकीलसाहेबांनी कोर्टात सात वर्षं भांडण केलं, त्यांनाच आम्ही नव्वदच्या दशकात खासदार करून दिल्लीला पाठवलं. एक दिवस ते गाडीतून आले, बरोबर सेक्रेटरी, एक कागद आणि शाईची डबी.

मी गावचा पंच, म्हणून सेक्रेटरी मला म्हणाला, "आप्पा, इथे अंगठा द्या. जागेचा कागद पक्का होईल."

"आदी वाचून दाखवा."

"अहो, खाली खुद्द साहेबांची सही आहे. टेन्शन कसलं घेता?"

"सही साहेबांची, पन मासळी आमची सुकते. साहेबांनीच वाचावा."

साहेब हसले. चष्मा लावून मोठ्यानं वाचू लागले आणि तिसऱ्या ओळीवर अडकले. "सदर जागेवरील हक्क ग्रामस्थ स्वखुशीने सोडत आहेत..."

बाया टोपल्या खाली ठेवून उभ्या राहिल्या.

"हे कुणी लिहिलं?" साहेब ओरडले.

"वरून तसाच आला, साहेब," सेक्रेटरी पुटपुटला. "तुम्ही गाडीत सही केलीत."

मी शाईची डबी बंद केली आणि सावकाश साहेबांपुढे सरकवली.

"साहेब, आमी अडानी, म्हनून ऐकल्याबिगर अंगठा उठवत नाय. तुमी तर सही करून बसलात. आता तुमीच एकादा चांगला वकील बघा."