बिगर फवारणीच्या दोन सऱ्या

काल केबलवर सांगत व्हते, चिंपांझीला माणसाच्या खालोखाल अक्कल असती. खालोखाल कशावरनं, ते काय सांगितलं न्हाई.

चिंपांझीचं राहू द्या राव, आमच्या येडगावच्या वानरांचं ऐका. धरणाकडच्या रानात माझा टोमॅटो व्हता. मार्केटच्या मालावर चार दिवसांआड औषध मारायचो. कडेच्या दोन सऱ्या तेवढ्या बिगर फवारणीच्या, घरी खायला. वानरांची टोळी यायची, सगळा लालभडक प्लॉट ओलांडायची आन् बरोबर त्याच दोन सऱ्यांत बसायची. मार्केटच्या मालाला कधी तोंड लावलं न्हाई.

फटाके वाजवले, कुत्रं बांधलं. गोफण फिरवून हात भरून आले.

शेवटी बायको म्हणाली, "आवं, हितंबी मारा की औषध. त्याबिगर जायची न्हाईत ती."

"अगं, मग आपण काय खायचं?"

"बाजारातनं लोक नेत्यात, खात्यातच ना? त्यांना काय व्हतंय?"

पंप पाठीला लावला आन् त्या दोन सऱ्यांवरबी मारलं. दुसऱ्या दिवशी वानरं आली, एकानं फळ तोडून हुंगलं, खाली ठेवलं. गेली ती परत आलीच न्हाईत.

सगळा टोमॅटो वाचला. तोच खातोय आता आमी.