तात्यांना वाचता येत न्हाय

कोर्टात कधी हसू नका बरं का. मी एकदाच हसलो, अजून अंगठ्याला शाई लागल्यागत वाटतंय.

माझ्या मोसंबीच्या बागेला पाणी यायचं ते माझ्या चुलत्यांच्या, तात्यांच्या रानातल्या चारीनं. तात्यांनी चारी बुजवली. मी बारामतीच्या कोर्टातनं हुकूम आणला, चारी मोकळी करा म्हणून. तात्यांनी तो खिशात घातला आन् अख्खा उन्हाळा गप बसले. बाग वाळली. वकील म्हणाला, "ही कोर्टाची बेअदबी. अर्ज करू."

तारखेला तात्या हात जोडून म्हणाले, "सायेब, माफी असावी. मला वाचता येत न्हाय. हुकूम कशाचा, कळलंच न्हाय."

आता आमच्या वस्तीवर वाचता येणारा हा एकच माणूस. देवळात पोथी तेच वाचणार, आमची टपालं तेच वाचणार. मला हसू फुटलं. मोठ्यांदा.

सायबांनी तात्यांना समज देऊन सोडलं. मला म्हणाले, "हसतोस? ही कोर्टाची बेअदबी आहे." कोर्ट उठंपर्यंत मला कोपऱ्यात उभा केला, वर एका कागदावर अंगठा घेतला.

चारी मोकळी झाली. पर पाणी पाजायचं कुणाला, सरपणाला?

कागदाची नक्कल घरी आणली. कशावर अंगठा दिला तेच ठावं न्हाय. शेवटी गेलो तात्यांकडंच. त्यांनी चष्मा लावला आन् कुठंबी न अडखळता वाचलं, "मी कोर्टाची बेअदबी केली. पुन्हा करणार नाही."

मग घडी घालून कागद माझ्या हातात दिला. म्हणाले, "जपून ठेव. आन् आता तरी कोर्टाचा मान राखत जा."